तारखांचे वकील

आमच्या भागातल्या एका वकीलसाहेबांचा सत्कार झाला, तेव्हा त्यानिमित्त एक पुस्तिका छापली होती. तिच्यात साहेबांच्या आयुष्याचे तीन भाग पाडले होते: तालुक्याच्या न्यायालयातील वकिली, विधान परिषदेचे सदस्यत्व आणि केंद्र सरकारच्या न्यायाधिकरणावरील न्यायदान. प्रत्येक भागाला एक पान आणि एक छायाचित्र. पुस्तिका तशी नेटकी होती; शुद्धलेखनाच्या चुका मी सवयीने मोजल्या, त्या चौदाच निघाल्या. मात्र या तीन भागांत साहेबांनी नेमके काय केले, याचा बोध त्या पानांतून होत नाही. मला तो एका कज्ज्यामुळे झाला. तो कज्जा दहा वर्षे चालला आणि साहेब तिन्ही वेळा त्याच्या वाटेत होते. कज्जा माझा नव्हता. परंतु तो त्यांच्या हाती मीच नेऊन दिला होता, म्हणून तो क्रमाने लिहिण्याचे कामही माझेच आहे.

मी तेव्हा घोटीपासून पायी पाऊण तासावरच्या एका गावात प्राथमिक शाळेचा मुख्याध्यापक होतो. वर्ग चार, शिक्षक दोन, त्यांतला एक मी. १९९२ च्या दिवाळीच्या सुटीनंतर शाळा उघडली, त्याच आठवड्यात गावातले एक गृहस्थ मधल्या सुटीत दारात येऊन उभे राहिले. ते केंद्र सरकारच्या एका खात्याच्या गोदामावर चौकीदार होते. माझ्यापेक्षा सात-आठ वर्षांनी मोठे, म्हणून मी त्यांना दादा म्हणत असे. खात्याचे नाव मी लिहीत नाही, कारण या प्रकरणात खात्याचा दोष नाही. त्याच्यापुढे जो कागद होता तो त्याने वाचला, इतकेच.

दादांनी प्लास्टिकच्या पिशवीतून एक पत्र काढले. "गुर्जी, यवढं वाचून दावा. गोदामावरचा सायब म्हणतो, तू मे महिन्यात घरी जाणार."

मी वाचले. येत्या मे महिन्याच्या अखेरीस दादांना अठ्ठावन्न वर्षे पूर्ण होत असल्याने ते सेवानिवृत्त होतील, असे त्यात होते.

"अठ्ठावन नाय झालं मला," दादा शांतपणे म्हणाले. "अठ्ठावन थोरल्याला झालं. माझं वय सा वर्षं कमी."

"मग पत्रात थोरल्याचं वय कसं?"

"त्याच्या जागंवर म्या बसलो ना शाळेत."

मला काही उमगेना, म्हणून मी कपाटातून शाळेचे जुने प्रवेश-रजिस्टर काढले. त्यात जे दिसले ते आधी समजावून सांगतो, कारण पुढचे सारे त्यावर उभे आहे. आमच्या डोंगराकडच्या वाड्यांत त्या काळी असा रिवाज होता की, शाळेला घरटी एक मुलगा द्यायचा. गावाच्या पाटाच्या कामाला जसा घरटी एक माणूस, तसा. थोरला गुरांमागे जाण्याजोगा झाला की त्याला काढून घेत आणि त्याच्या जागी धाकट्याला पाठवत. घराचा वाटा भरला, शाळेचा पट कायम राहिला. तक्रार कोणाचीच नसे. गुरुजी नवा क्रमांक घालण्याच्या भानगडीत पडत नसत. थोरल्याच्या नावावर रेघ ओढून वर धाकट्याचे नाव लिहीत. जन्मतारखेच्या रकान्यापर्यंत त्यांची लेखणी पोहोचत नसे. दादांच्या बाबतीत तेच झाले होते. खालचे नाव काळ्या शाईत, त्यावर रेघ. वरचे नाव निळ्या शाईत. आणि जन्मतारीख काळ्या शाईतली, थोरल्याची. तारीख अर्थातच एक जून. त्या रजिस्टरात सगळे गाव एक जूनला जन्मले आहे.

एवढी उघड चूक मी कोणत्याही रजिस्टरात पाहिली नव्हती. चौथीतल्या मुलाला दोन्ही शाया दाखवल्या असत्या तर त्याने उत्तर दिले असते.

दादांपुढचा खरा प्रश्न वयाचा नव्हता. ते बरीच वर्षे रोजंदारीवर होते. कायम झाले ते उशिरा. कायम नोकरीची दहा वर्षे भरली तर निवृत्तीवेतन, नाही तर काही नाही, असा नियम त्यांना त्यांच्या कचेरीत सांगितला होता. येत्या मे महिन्यात त्यांची नऊ वर्षे भरत होती. खरी जन्मतारीख मानली गेली, तर पुढे सहा वर्षे नोकरी आणि मग मरेपर्यंत निवृत्तीवेतन. न मानली, तर एका वर्षासाठी सगळे गेले. घरी भाताची दोन खाचरे होती; त्यांत तिघांचे वर्ष निघत नसे.

"वकील पाहावा लागेल," मी म्हणालो. आणि मीच त्यांना साहेबांकडे नेले.

साहेबांची कचेरी घोटीच्या बाजारपेठेत, तांदळाच्या दुकानांच्या ओळीत होती. भिंतीवर जाडजूड पुस्तके. ती नेहमी त्याच क्रमाने असत, याची मी पुढे नोंद घेतली. साहेबांचा आवाज उत्तम, बसणे ऐटीचे. त्यांनी पत्र वाचले, रजिस्टराचा उतारा पाहिला आणि म्हणाले, "गुरुजी, हे काय, हातचं काम आहे. जन्मतारखेचा दावा टाकू आपल्या कोर्टात. बाबा, घरी जा, निवांत झोपा."

वकीलपत्रावर सही साहेबांच्या हाताखालच्या वकिलाने केली. मी कारण विचारले, तर साहेब म्हणाले, "उद्या मी कुठे बाहेर असलो तर पक्षकाराचं अडायला नको." या दूरदृष्टीचे मला त्या दिवशी कौतुक वाटले होते, हे प्रामाणिकपणे लिहितो. साहेबांच्या कचेरीतून निघणाऱ्या कोर्टाच्या कोणत्याच कागदावर साहेबांची सही नसते, हे मला फार नंतर कळले.

दावा दाखल झाला आणि तारखा सुरू झाल्या.

साहेबांच्या वकिलीचे वर्णन एका वाक्यात करायचे तर, ते तारीख मिळवण्यात निष्णात होते. इतर वकील तारीख पडली की पक्षकाराची समजूत घालतात. साहेब न्यायालयातून बाहेर येत ते जिंकल्यासारखे. "मिळाली," ते म्हणत. "पुढच्या महिन्याची मिळाली. समोरचे आजच चालवा म्हणत होते, पण मी काढून घेतली." आणि पक्षकार हात जोडत. भाताचे पीक सोडून चार कोस आलेली माणसे, काहीतरी मिळाले या समाधानात परत जात. दादाही जात. मी एकदा वाटेत त्यांना म्हणालो की तारीख मिळणे म्हणजे काही मिळणे नव्हे. दादा म्हणाले, "वकीलसायब खूश व्हता की वं."

साहेबांची दुसरी युक्ती काळ्या कोटाची होती. त्यांच्याकडे दोन कोट होते. एक अंगावर असे. दुसरा न्यायालयाच्या आवारातल्या चहाच्या टपरीवर खुर्चीच्या पाठीला अडकवलेला. साहेब कुठे आहेत असे कोणी विचारले की टपरीवाला कोटाकडे बोट दाखवी. "हैत की. कोट हाय." साहेब त्या वेळी नाशिकला पक्षाच्या बैठकीत असत. कोटासमोर जमिनीवर बसून माणसे तीन-तीन तास वाट पाहत. मीही बसलो आहे.

मे महिना आला. नोकरीवर राहू देण्याचा तातडीचा आदेश न्यायालयाकडून घ्यायला हवा होता. त्या अर्जालाच तारीख मिळाली, तीही जून महिन्याची. मेच्या शेवटच्या दिवशी दादांनी गोदामाच्या किल्ल्या खात्याच्या साहेबाच्या टेबलावर ठेवल्या आणि घरी आले. थोरला भाऊ जिवंत होता. तो साक्षीला उभा राहून सांगणार होता की, ही जन्मतारीख माझी. त्याला आम्ही चार वेळा तालुक्याला नेले. चौथ्या वेळी तो म्हणाला, "मला इथं काय इचारणार हाय का नुसतं बसवणार?" पुढच्या पावसाळ्यात तो वारला. साक्षीदाराच्या मृत्यूची नोंद घेण्यासाठी न्यायालयाने तारीख दिली.

त्याच सुमारास साहेब विधान परिषदेवर गेले. परिषदेवर जाण्यासाठी आमच्यासारख्यांची मते लागत नाहीत, पक्षाची मर्जी पुरते. त्यामुळे हा मार्ग साहेबांना अगदी योग्य होता. घोटीत मिरवणूक निघाली. शाळेने लेझीम पथक पाठवावे असा निरोप आला. मुलांच्या घटक चाचण्या चालू आहेत असे मी लेखी कळवले. दोन दिवसांनी चाचण्या घेतल्याही, म्हणजे पत्र खोटे पडले नाही.

आता साहेबांकडे जाण्यात अर्थ आहे, असे दादांचे मत पडले. वकील असताना साहेबांच्या हाती काही नव्हते, आता आहे, असा त्यांचा हिशेब. आम्ही गेलो. कचेरी तीच होती, पण दारात आता चपलांचा ढीग होता आणि भिंतीवरच्या पुस्तकांपुढे हार टांगले होते.

"अरे, बाबा. या, या. अजून चालूच आहे का तुमचं?" साहेबांनी विचारले. दावा त्यांच्याच कचेरीचा होता.

"तुमच्याच हातात हाय, सायब."

"आता कोर्टाचं सोडा. मी पत्र देतो." आणि साहेबांनी बोधचिन्ह छापलेल्या कागदावर खात्याच्या वरिष्ठांना पत्र दिले: सदर इसमाच्या प्रकरणी नियमानुसार योग्य ती कार्यवाही व्हावी. हे वाक्य मी त्यांच्या कचेरीतून निघालेल्या किमान वीस पत्रांत वाचले आहे. मळ्याच्या विजेसाठी तेच, मुलीच्या बदलीसाठी तेच, त्र्यंबकेश्वराच्या रस्त्यावरच्या टपरीसाठीही तेच. वाक्यरचना निर्दोष होती. त्यात करणारा कोणी नव्हता.

खात्याने मात्र उत्तर दिले, आणि तेही महिन्याच्या आत. उत्तरात लिहिले होते की, सदर प्रकरणी दिवाणी दावा प्रलंबित आहे; बाब न्यायप्रविष्ट असल्यामुळे खाते त्यात काही करू शकत नाही. म्हणजे वकील असताना साहेबांनी जो दावा टाकला होता, त्याने विधान परिषद सदस्य असलेल्या साहेबांचे पत्र अडवले होते. हे मी दादांना फळ्यावर दोन गोल आणि दोन बाण काढून समजावून दिले. "म्हंजे त्यांचा हात त्यांनीच धरला," ते म्हणाले.

सभागृहात साहेब काय करतात, हे मी वर्तमानपत्रांतून पाहत असे. सहा वर्षांत त्यांचे नाव मला तीनदा सापडले. एकदा दुखवट्याच्या ठरावावर बोलणाऱ्यांत, दुसऱ्यांदाही दुखवट्याच्याच ठरावावर, आणि तिसऱ्यांदा त्यांनी एका पुलाबद्दल प्रश्न विचारला होता. मंत्र्यांनी माहिती घेऊन सांगतो म्हटले आणि साहेबांनी ते मान्य केले. तारीख देण्याघेण्याचा हा व्यवहार दोन्ही बाजूंना परिचित असावा.

इकडे दावा साडेतीन वर्षांनी सुनावणीला आला आणि एका दिवसात संपला. न्यायालयाने सांगितले की केंद्र सरकारच्या नोकरवर्गाच्या सेवेचे तंटे चालवण्याचा आम्हाला अधिकारच नाही. त्यासाठी निराळे न्यायाधिकरण आहे, तिकडे जा. हा नियम नवा नव्हता. दावा टाकला त्याआधी कितीतरी वर्षे तो होता, आणि साहेबांच्या भिंतीवरच्या एका पुस्तकात तो असणारच. त्यासाठी पुस्तक खाली काढावे लागले असते.

मग मी नाशिकला एक वकीलबाई शोधल्या. तरुण, बोलण्यात तुटक, पण कागद शेवटच्या पानापर्यंत वाचणाऱ्या. त्यांनी पहिल्याच भेटीत मला विचारले, "गुरुजी, हे रजिस्टर कोर्टाने एकदा तरी पाहिलं का?" पाहिले नव्हते. "या दोन शाया हीच तुमची केस आहे," त्या म्हणाल्या. "बाकी सगळा कागद रद्दीत द्या." त्यांनी न्यायाधिकरणापुढे अर्ज केला. त्या न्यायाधिकरणाचे पीठ मुंबईला. वर्षातून काही दिवस ते नाशिकला येऊन बसे. त्या काही दिवसांत आमचा क्रमांक लागायला आणखी पाच वर्षे गेली. दरम्यान निवृत्तीचे वय सरकारने दोन वर्षांनी वाढवले, आणि दादांनी खऱ्या तारखेनेही ते ओलांडले. नोकरी परत मिळण्याचा प्रश्न संपला होता. उरला होता तो एकच प्रश्न: ती वर्षे नोकरीत धरून निवृत्तीवेतन मिळेल की नाही. दादा आता बाजारात दुसऱ्याच्या दुकानासमोर पोती शिवत.

सुनावणीच्या दिवशी नाशिकला त्या इमारतीच्या व्हरांड्यात आम्ही उभे होतो. दारावर त्या दिवसाच्या प्रकरणांची यादी चिकटवलेली होती. वर पीठावर बसणाऱ्या सदस्यांचे नाव होते. मी ते दोनदा वाचले.

परिषदेची मुदत संपल्यावर साहेबांना पक्षाने पुन्हा उभे केले नव्हते. त्यांची कुठेतरी सोय लागेल असे घोटीत बोलले जाई. सोय कुठे लागली, ते आता माझ्या डोळ्यांपुढे होते. वकिलीची वर्षे पुरेशी भरली होती. ती वर्षे कशाने भरली, हे विचारणारा रकाना अर्जात नसावा.

परीक्षकाने स्वतःच्या मुलाची उत्तरपत्रिका तपासू नये, हे मी शिक्षक झालो त्या वर्षी शिकलो. जो एकेकाळी पक्षकाराचा वकील होता, त्याने त्याच प्रकरणात न्यायासनावर बसता कामा नये. हे सांगायला कायद्याची पदवी लागत नाही. साहेब आमचे जुने वकील होते, हे वकीलबाईंना ठाऊक असणे शक्य नव्हते. त्यांच्यापुढच्या कागदांवर हाताखालच्या वकिलाची सही होती. मी त्यांच्याकडे निघालो, तोच दादांनी माझे मनगट धरले. त्यांनीही कोणाकडून तरी यादी वाचून घेतली होती.

"सांगणार हाय का बाईला?"

"सांगायला हवं, दादा."

"सांगितलं तं काय व्हईल?"

"हे प्रकरण दुसऱ्या साहेबांकडे जाईल."

"कंदी?"

"पुन्हा पीठ येईल तेव्हा. वर्ष. कदाचित दोन."

दादांनी मनगट सोडले नाही. "मंग गप बसा, गुर्जी. दहा वर्षं तुम्ही म्हणाल तिथं आलो. आज माझं ऐका."

मी गप्प बसलो. आयुष्यभर मुलांना जे शिकवले त्याच्या विरुद्ध मी त्या दिवशी वागलो, याची मला पूर्ण जाणीव आहे.

प्रकरण पुकारले तेव्हा भिंतीवरच्या घड्याळात बारा वाजून सात मिनिटे झाली होती. साहेब उंच आसनावर होते. केस पांढरे झाले होते, आवाज तोच. वकीलबाईंनी रजिस्टर पुढे केले. साहेबांनी चष्मा वर करून ते पान जवळून पाहिले. मग खात्याच्या वकिलांना विचारले, "हे खोडलेलं नाव आणि हे वरचं नाव, दोन्ही एकाच माणसाची, असं आपलं म्हणणं आहे का?"

"तसं नाही, साहेब. पण नियमाप्रमाणे जन्मतारखेबद्दलचा अर्ज नोकरी लागल्यापासून पाच वर्षांत यायला हवा."

"ही कारकुनी चूक आहे. ती दिसायला पाच वर्षं लागत नाहीत, पाच सेकंद लागतात." मग ते वकीलबाईंकडे वळले. "हे आधी तालुक्याच्या न्यायालयात का नेलं होतं?"

"तेव्हाच्या वकिलांचा सल्ला, साहेब."

"कोण होते?"

वकीलबाईंनी वकीलपत्रावरचे नाव वाचले. साहेबांनी मान हलवली आणि काही लिहून घेतले. बारा वाजून अठरा मिनिटांनी आम्ही बाहेर आलो. दहा वर्षांचे काम अकरा मिनिटांत झाले. म्हणजे ते मुळातच अकरा मिनिटांचे होते.

आदेश महिन्याभरात आला. दादांची जन्मतारीख दुरुस्त करावी, मधली वर्षे सेवेत धरावीत आणि निवृत्तीवेतन सुरू करावे. आदेश स्वच्छ होता, तर्कशुद्ध होता. मी तो निबंध म्हणून तपासला असता तर चांगले गुण दिले असते. शेवटच्या परिच्छेदात लिहिले होते की अर्जदाराच्या तत्कालीन वकिलाने अक्षम्य हलगर्जीपणा केला, अधिकार नसलेल्या न्यायालयात अशिक्षित माणसाला वर्षानुवर्षे तिष्ठत ठेवले, आणि अशा वकिलांमुळे लोकांचा न्यायावरचा विश्वास उडतो. हा परिच्छेद वर्तमानपत्रात चौकटीत छापून आला. त्यासोबत हाताखालच्या वकिलाचे नावही आले.

तो बिचारा मला घोटीच्या बसस्थानकावर भेटला. "गुरुजी, वाचलंत ना माझ्याबद्दल?"

"वाचलं. मग तुम्ही बोलत का नाही?"

"कोणाकडे बोलू? त्यांच्याकडे?" तो हसला. "बाररूममध्ये मला आता न्यायावरचा विश्वास म्हणतात. 'आला बघा न्यायावरचा विश्वास, चहा सांगा.'"

खात्याला वरच्या न्यायालयात जाण्याची मुदत अजून होती. मी वकीलबाईंना भेटून विचारले, "समजा, निकाल देणारे साहेब पूर्वी त्याच पक्षकाराचे वकील असले, तर आदेशाचं काय होतं?"

त्यांनी पेन खाली ठेवले. माझ्याकडे पाहिले. मग पेन पुन्हा उचलले. "गुरुजी, हा प्रश्न तुम्ही मला विचारला नाही आणि मी ऐकला नाही. निवृत्तीवेतनाचा कागद हातात पडेपर्यंत कोणालाच विचारू नका."

त्या मुदतीतच घोटीकरांनी साहेबांचा सत्कार ठरवला. ज्या पुस्तिकेचा उल्लेख मी सुरुवातीला केला, ती याच सत्काराची. आभारप्रदर्शन माझ्याकडे आले. आमच्याकडे आभार मानण्याचे काम शिक्षकालाच देतात, कारण तो वेळेत संपवतो आणि कोणाचे नाव गाळत नाही. नाही म्हणावे, तर का म्हणून विचारले असते.

साहेबांनी भाषणात दादांचेच प्रकरण घेतले. "एक गरीब चौकीदार," ते म्हणाले, "वकिलाच्या दारात दहा वर्षं बसला. त्याला काय मिळालं? तारीख. तारीख म्हणजे न्याय नव्हे, मित्रहो. मी त्या आसनावर बसलो ते हे दुखणं जवळून पाहिलं होतं म्हणून." मंडप टाळ्यांनी भरला. तिसऱ्या रांगेत दादा होते. तेही टाळ्या वाजवत होते. दादांच्या प्रकरणाचे पान साहेबांनी न अडखळता वाचून उलटले. मी मुद्दाम पाहिले.

मी उठलो. मंडपवाल्याचे, ध्वनिक्षेपकवाल्याचे, चहा देणाऱ्या महिला मंडळाचे आभार मानले. मग म्हणालो, "या प्रकरणासाठी साहेबांनी जितका वेळ घेतला, तितका दुसऱ्या कोणीही घेतला नसेल." हे वाक्य मी घरी तीनदा तपासले होते. त्यात असत्य काहीही नव्हते. साहेबांनी हात जोडून ते स्वीकारले.

परत येताना दादा आणि मी शेताच्या बांधावरून चालत होतो. माझ्या मनात जे घोळत होते ते मी बोलून टाकले. "दादा, मला एकच कळत नाही. हा माणूस दुष्ट आहे की विसराळू? त्यानं तुम्हाला ओळखलंच नसेल का?"

"वळखलं," दादा म्हणाले.

"कशावरून?"

"त्या दिशी सगळ्यांकडं पाह्यलं त्यांनी. बाईकडं, त्या खात्याच्या वकिलाकडं, तुमच्याकडं बी. माझ्याकडं यकदा नाय. ज्याची केस हाय तो कोन, यवढं तं कोनीबी पाहातो." थोडे चालून ते पुढे म्हणाले, "आज बी नाय पाह्यलं. म्या मुद्दाम पुढं बसलो व्हतो."

"मग टाळ्या कशाला वाजवल्या?"

"कागद आलाय का हातात अजून?"

कागद त्यानंतर पाच महिन्यांनी आला. खाते वरच्या न्यायालयात गेले नाही. दादांनी पुढे बारा वर्षे निवृत्तीवेतन घेतले. त्यांच्या मागे वहिनींना ते मिळत होते. या सगळ्या वर्षांत साहेबांचे आणखी सत्कार झाले. त्यांतल्या दोन समारंभांत मी आभार मानले, आणि एकदाही तोंडून काही निसटू दिले नाही, कारण आदेशातली खोट कोणाला कधी उकरून काढता येते याची मला खात्री नव्हती आणि विचारण्याची सोय नव्हती. गेल्या वर्षी वहिनी वारल्या. आता कोणाचे निवृत्तीवेतन थांबण्याचा प्रश्न उरलेला नाही, म्हणून हे लिहिले.